चित्र येते, चित्रासोबतचा कागद कुठे जातो?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

परदेशात युद्ध पेटले की मराठी वृत्तवाहिन्यांवर काय दिसणार हे आता पाठ झाले आहे. लालभडक स्टुडिओ, जमिनीवर पसरलेला नकाशा, त्यावर बूट ठेवून उभा असलेला निवेदक, मागे भोंगा आणि सहा-सात सेकंदांचा एकच स्फोट, तासभर. यावर टीका पुष्कळ होते आणि 'टीआरपीसाठी सगळे चालते' या वाक्यापाशी येऊन थांबते. आम्ही काही जण वाहिन्यांच्या डेस्कवर, इन्जेस्टमध्ये (बाहेरून आलेली दृश्ये उतरवून घेणारा विभाग) आणि एडिट बेमध्ये (दृश्ये कापून जोडायची खोली) काम केलेले आहोत. आमचे निदान थोडे वेगळे आहे. दूरच्या युद्धात मेलेला माणूस पडद्यावरून नाहीसा होतो तो बहुतेक वेळा कोणाच्या दुष्टाव्यामुळे नव्हे, तर न्यूजरूममधल्या एका साध्या गळतीमुळे. ती गळती नेमकी कुठे होते हे सांगण्यासाठी हे पत्र.

गाझा, युक्रेनमधले खार्किव्ह किंवा सुदान इथले दृश्य मराठी वाहिनीचा कॅमेरामन टिपत नाही. ते रॉयटर्स, एपी, एएफपी अशा वृत्तसंस्थांकडून येते. असा एक आयटम साधारण दोन ते चार मिनिटांचा असतो आणि त्याच्यासोबत एक कागद येतो. (आता ती मजकुराची फाइल असते, पण डेस्कवरची जुनी माणसे अजून डोपशीट किंवा शॉटलिस्टच म्हणतात.) त्या कागदावर ठिकाण असते, चित्रीकरणाची तारीख असते, चित्रण कोणाचे आणि ते वापरण्यावर निर्बंध कोणते हे असते. दृश्ये विचलित करणारी असतील तर तसा इशारा सगळ्यात वर. मग क्रमाने एकेक शॉट : रुग्णालयाच्या आवारातली गर्दी, स्ट्रेचर, चादरीखालचे मृतदेह. मध्ये बाइट, म्हणजे कॅमेऱ्यासमोर कोणाचे बोलणे, असेल तर बोलणाऱ्या बाईचे नाव, ती कोण, कोणत्या भाषेत बोलते आहे आणि तिचे संपूर्ण वाक्य इंग्रजीत. शेवटी घटनेची हकीकत. दृश्य कोणा नागरिकाच्या मोबाइलवरचे असेल तर ते कसे पडताळले हेही लिहिलेले असते : इमारतींची ठेवण आणि रस्त्यांची आखणी उपग्रहचित्राशी जुळली, या तारखेपूर्वीची कोणतीही प्रत इंटरनेटवर सापडली नाही, वगैरे. म्हणजे चित्रातला माणूस आपल्यापर्यंत नावानिशी आलेला असतो.

वाहिनीत शिरताच चित्र आणि कागद यांची फारकत होते. चित्र इन्जेस्टमार्गे सर्व्हरवर जाते. कागद न्यूजरूमच्या सॉफ्टवेअरमधल्या वायरच्या (वृत्तसंस्थांच्या मजकुराच्या) खिडकीत पडून राहतो. इन्जेस्टवरचा मुलगा डझनांनी क्लिप उतरवत असतो, तो हिला 'गाझा ब्लास्ट न्यू २' असे नाव देतो. एडिट बेमध्ये निरोप येतो, 'व्हिज्युअल लाव, हेडलाइन दोन मिनिटांवर आहे.' व्हिडिओ संपादक चार मिनिटांतले वीस सेकंद उचलतो, अर्थातच धूर, आग आणि धावपळ. त्या बाईची बाइट गळते, कारण तिच्यासाठी मराठी वाक्य लिहून आवाज द्यावा लागेल. खरे तर अरबी येण्याची गरज नसते, इंग्रजी भाषांतर तयारच असते. पण ते ज्या कागदावर आहे तो कागद या खोलीत आलेलाच नसतो. मूळ आवाज शून्यावर आणून खाली संगीत टाकले जाते. संस्थेचे चिन्ह कोपऱ्यात डोकावत असेल तर चित्र थोडे झूम करायचे किंवा ते पट्टीखाली दडवायचे.

यानंतरची चूक आठवड्याभराने घडते. दुसऱ्या शिफ्टचा माणूस सर्व्हरवर 'गाझा' शोधतो. बहुतेक ठिकाणी निकाल चित्रीकरणाच्या तारखेनुसार लागत नाहीत, क्लिप सर्व्हरवर कधी चढली त्यानुसार लागतात. मधल्या काळात कोणी ती जुनी क्लिप कापून नव्या नावाने जतन केली असेल, तर यंत्राच्या लेखी ती आजची झाली. अशा रीतीने मंगळवारी गाझातल्या खान युनिसमध्ये गेलेला माणूस पुढच्या सोमवारी तिथल्याच रफाह शहराच्या बातमीत पुन्हा मरतो. यात कटकारस्थान काही नाही. फाइलच्या नावात तारीख नव्हती, एवढेच.

कागदाची किंमत काय असते हे युक्रेनमधल्या मारिउपोलमध्ये दिसले. ९ मार्च २०२२ रोजी तिथल्या प्रसूती रुग्णालयावर हवाई हल्ला झाला तेव्हा शहरात आंतरराष्ट्रीय माध्यमांपैकी एपीचेच मोजके युक्रेनियन पत्रकार उरले होते. वीज नाही, नेटवर्क नाही. त्यांनी व्हिडिओ फाइलचे तीन तुकडे केले, तीन मोबाइल शेजारी शेजारी ठेवले आणि अंधारात, संचारबंदीची वेळ उलटून गेल्यावरही, तासन्‌तास पाठवत राहिले. स्ट्रेचरवरून नेल्या जाणाऱ्या गर्भवतीचे चित्र जगाने पाहिले ते त्यामुळे. रशियाच्या बाजूने लगेच प्रचार सुरू झाला की रुग्णालय रिकामे होते, बायका नाटक करत होत्या. याला उत्तर दुसऱ्या एखाद्या जोरकस चित्राने मिळाले नाही. ते मिळाले पाठपुराव्याने. त्याच पत्रकारांनी जखमींना कुठे हलवले हे शोधून काढले, डॉक्टरांना गाठले आणि ती स्त्री व तिचे बाळ दोघेही दगावल्याचे कळवले. डॉक्टरांना तिचे नाव लिहून घ्यायलाही सवड मिळाली नव्हती. नवरा आणि वडील येऊन मृतदेह घेऊन गेले. निदान न्यायला कोणी आले, ती सामूहिक कबरीत गेली नाही, असे डॉक्टर म्हणाले.

हे सगळे त्या आयटमसोबत आणि त्यानंतरच्या आयटमसोबत लिहून आले होते. आपल्याकडे पुढे दोन-तीन वर्षे ते स्ट्रेचर 'युक्रेन युद्ध' या शीर्षकाखाली सुटे फिरत राहिले. कधी शांतता चर्चेच्या बातमीमागे, कधी तेलाच्या भावामागे.

आवाजाबद्दल थोडे अधिक लिहायला हवे, कारण त्याच्याकडे कोणाचेच लक्ष नसते. गाझातल्या कोणत्याही मूळ चित्रणात घरघर ऐकू येते, शिवणयंत्र लांब कुठेतरी अखंड चालू असल्यासारखी. ती टेहळणी करणाऱ्या ड्रोनची. तिथले लोक तिला 'झनाना' म्हणतात. मुले तिच्यात झोपतात, बायका तिच्यात भाकरी भाजतात. त्या युद्धाचा सगळ्यात सलग अनुभव जर कोणता असेल तर तो हा आवाज, आणि आपण नेमका तोच पुसून त्याजागी ढोल बडवतो. दहा सेकंद मूळ आवाज ऐकू दिला तर निवेदकाची चार विशेषणे वाचतील.

शिवाय मूळ आवाज हा पुरावा असतो. आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. स्फोटाचा लख्ख प्रकाश दिसला आणि तीन सेकंदांनी धमाका ऐकू आला, तर स्फोट साधारण एक किलोमीटरवर आहे. दूर क्षितिजावर आगीचा गोळा उठतो आणि त्याच क्षणी धडाम होते, असे दिसले तर आवाज नंतर चिकटवला आहे असे खुशाल समजावे. खेळाची दृश्येही अशीच ओळखू येतात. 'आर्मा ३' या व्हिडिओ गेममधले तुकडे युक्रेनचे म्हणून इतके फिरले, की तो बनवणाऱ्या बोहेमिया इंटरॅक्टिव्ह या चेक कंपनीलाच नोव्हेंबर २०२२ मध्ये खोटी दृश्ये ओळखायच्या खुणा जाहीर कराव्या लागल्या : धूसर चित्र, हलता कॅमेरा, बहुधा रात्र, आवाज नाही आणि हालचाल करणारी माणसे जवळपास नाहीत. ही शेवटची खूण आम्हाला फार बोलकी वाटते.

स्टुडिओतल्या भोंग्याचे तर सरकारलाही सांगावे लागले. मे २०२५ मध्ये भारत-पाकिस्तान संघर्षाच्या वेळी, हवाई हल्ल्याच्या इशाऱ्याचा भोंगा कार्यक्रमांत वाजवू नका, अशी सूचना नागरी संरक्षण महासंचालनालयाने माध्यमांना केली. कारण सरळ होते : लोकांना कानावर पडून पडून सवय झाली, तर खरा भोंगा वाजेल तेव्हा कोणी उठणार नाही.

आता शब्दांकडे. इंग्रजीतल्या 'कॅज्युअल्टीज' या शब्दाने मराठी डेस्कवर जेवढी माणसे मारली असतील, तेवढी एखाद्या पलटणीने मारली नसतील. त्या शब्दात मृत आणि जखमी दोन्ही येतात. सैन्याच्या बाबतीत बेपत्ता आणि पकडलेलेही. आपण सरसकट 'बळी' लिहितो आणि तीनशेच्या तीनशे मरतात. युक्रेनचे लष्कर रशियाच्या 'नुकसानी'चा रोजचा आकडा देते, त्यात मृत आणि जखमी वेगळे केलेले नसतात. ॲस्टनवर (पडद्याच्या तळाच्या पट्टीवर) मात्र 'इतके रशियन सैनिक ठार'. 'किमान' हा शब्द जागा वाचवण्यासाठी गाळला जातो. 'विस्थापित' आणि 'निर्वासित' एकमेकांच्या जागी येतात. वास्तविक देशाच्या आतच घर सोडावे लागलेला माणूस विस्थापित, सीमा ओलांडलेला निर्वासित, आणि दोघांचे हक्क वेगवेगळे. सुदानमध्ये एप्रिल २०२३ पासून एक कोटीहून अधिक माणसे घराबाहेर पडली, त्यातली बहुसंख्य देशातच आहेत. त्यांना निर्वासित म्हटले की ती कुठल्यातरी छावणीत, कोणाच्यातरी जबाबदारीवर असतील असा समज होतो.

मराठीची आपली अशी एक अडचण आहे. मरणासाठी आपल्याकडे शब्दांची उतरंड आहे आणि डेस्कवर ती न सांगता पाळली जाते. आपला सैनिक 'हुतात्मा', शत्रूचा 'ठार', त्याहून नकोसा असेल त्याला 'कंठस्नान', त्याच्या इमारतीच्या 'चिंधड्या' किंवा 'राखरांगोळी'. आणि ज्याचे आपल्याला काहीच नाही तो 'मृत्युमुखी पडला' किंवा 'त्याचा बळी गेला', म्हणजे जणू तोच चालत गेला. 'हल्ल्यात ४० जणांचा बळी गेला' या वाक्यात हल्ला कोणी केला ते गाळूनही व्याकरण बिघडत नाही. आमचे साधे म्हणणे : कोणी, कुठे, कशाने मारले हे माहीत असेल तर 'मारले' लिहावे. माहीत नसेल तर 'कोणी केले ते स्पष्ट नाही' हे पडद्यावर दिसू द्यावे. चार शब्द जास्त होतात. तेवढी जागा पट्टीत असते, जाहिरातीला मिळतेच.

पहिल्या तासातला आकडा किती घात करतो याची दोन उदाहरणे २०२३ च्या एकाच महिन्यातली आहेत. ७ ऑक्टोबरला हमासने इस्रायलमध्ये सुमारे १,२०० माणसे मारली आणि २५१ जणांना ओलीस नेले. हे स्वतःच इतके भयानक होते की त्यात भर घालायची गरज नव्हती. तरी '४० अर्भकांचा शिरच्छेद' ही दुजोरा नसलेली गोष्ट जगभरच्या पडद्यांवर चढली, आपल्याकडेही. त्यानंतर १७ ऑक्टोबरला गाझातल्या अल-अहली रुग्णालयात स्फोट झाला आणि मिनिटांत '५०० ठार, इस्रायलचा हवाई हल्ला' असे धावू लागले. पुढे गाझाच्या आरोग्य मंत्रालयाने ४७१ चा आकडा दिला, अमेरिकी गुप्तचरांचा अंदाज १०० ते ३०० चा होता, आणि तो भरकटलेल्या पॅलेस्टिनी रॉकेटचा स्फोट असावा असे ह्यूमन राइट्स वॉच या मानवाधिकार संस्थेच्या तपासात निघाले. न्यूयॉर्क टाइम्सने आपण सुरुवातीला हमासच्या दाव्यावर जास्त विसंबलो, अशी संपादकीय टीप छापली. मराठी पडद्यावर अशी टीप आमच्या पाहण्यात नाही. पट्टी धावून गेली की ती बोललीच नव्हती असे धरले जाते. आणि चुकीच्या आकड्याचा तोटा मेलेल्यांनाच होतो, कारण पुढचा खरा आकडाही लोक खोटा मानतात.

आकडा कसा तयार होतो हे सांगितले तर प्रेक्षकाला त्याचे वजन कळते. गाझाचा आकडा मुख्यतः रुग्णालये आणि शवागारांच्या नोंदींतून येतो. ढिगाऱ्याखाली राहिलेले त्यात नसतात, औषधावाचून गेलेले बहुतांशी नसतात, आणि लढवय्ये व नागरिक अशी विभागणी नसते. त्यावर जाहीर शंका घेतली गेली तेव्हा, २६ ऑक्टोबर २०२३ रोजी, मंत्रालयाने ६,७४७ जणांची यादीच प्रसिद्ध केली : नाव, वय, लिंग, ओळखक्रमांक. आपल्या वाहिन्यांवर आली ती फक्त बेरीज. युक्रेनमध्ये संयुक्त राष्ट्रांचे मानवाधिकार कार्यालय एकेक मृत्यू पडताळून मोजते आणि खरा आकडा याहून बराच मोठा असणार, असे स्वतःच सांगते. मारिउपोलसारख्या रशियाच्या ताब्यातल्या शहरांत मोजायला जाताच येत नाही. सुदानमध्ये तर मोजणारी यंत्रणाच मोडली आहे, आणि अंदाजांत काही पटींची तफावत पडते. तीन युद्धांतले हे तीन आकडे एकाच तक्त्यात उभे करून 'कुठे किती मृत्यू' असे ग्राफिक करणे म्हणजे शेर, किलो आणि वाटी यांची बेरीज करणे आहे. सुदान त्या तक्त्यात नेहमी तळाला येतो. कारण तिथे माणसे कमी मेली हे नाही. तिथून चित्रे कमी येतात.

चित्रे येतात ती कोणाच्या जिवावर, हेही त्या कागदावरच असते. ऑक्टोबर २०२३ पासून इस्रायलने परदेशी पत्रकारांना गाझात स्वतंत्रपणे जाऊ दिले नाही. लष्करासोबतचे थोडे दौरे सोडले तर आत कॅमेरा होता तो तिथल्याच पॅलेस्टिनी पत्रकारांचा. सीपीजे या पत्रकार-संरक्षण संस्थेच्या मोजणीत २०२५ अखेरपर्यंत २०० हून अधिक पत्रकार आणि माध्यमकर्मी या युद्धात मारले गेले. २५ ऑगस्ट २०२५ रोजी खान युनिसच्या नासर रुग्णालयाच्या वरच्या मजल्यावरून रॉयटर्सचे थेट प्रक्षेपण चालू होते. इस्रायली मारा झाला आणि ते अचानक तुटले. कॅमेऱ्यामागचे हुसाम अल-मसरी त्या माऱ्यात गेले. मदतीला धावलेले लोक आणि इतर पत्रकार जिन्यावर जमले असताना काही मिनिटांनी दुसरा मारा झाला. किमान २० जण मारले गेले, त्यात ५ पत्रकार. ज्या चिन्हावर आपण झूम मारतो, त्याच्यामागे ही माणसे असतात. 'चित्रण : हुसाम अल-मसरी, रॉयटर्स' एवढी ओळ दोन सेकंद दाखवायला पैसे पडत नाहीत.

हे आपल्याला जमत नाही असेही नाही. १३ मे २०२४ रोजी रफाहमध्ये संयुक्त राष्ट्रांच्या वाहनावर झालेल्या हल्ल्यात भारतीय लष्करातून निवृत्त झालेले, पुण्यात घर असलेले एक कर्नल मारले गेले. त्या वेळी मराठी वाहिन्यांवर त्यांचे नाव, वय, लष्करी सेवा, घरची माणसे, सगळे नीट, दबक्या आवाजात आले. भोंगा वाजला नाही. एका माणसाचे मरण कसे सांगायचे हे डेस्कला ठाऊक आहे, ते त्या दिवशी दिसलेच.

ज्यांच्या हातात डेस्क आहे त्यांच्यासाठी काही कामाच्या गोष्टी. क्लिपच्या नावात ठिकाण, चित्रीकरणाची तारीख आणि संस्था सक्तीची करावी : 'खानयुनिस_नासर_२५०८२५_रॉयटर्स_विचलित'. क्लिपच्या सुरुवातीला पाच सेकंदांची काळी पाटी जोडून तिच्यावर हेच लिहावे. नाव बदलता येते, पाटी कापावी लागते आणि कापताना एकदा वाचली जाते. शॉटलिस्टचा मजकूर सर्व्हरवर क्लिपच्या माहितीच्या रकान्यात चिकटवायला मिनिटभर लागतो. चोवीस तास उलटलेले दृश्य 'जुने दृश्य' या पट्टीसहच जतन करावे, म्हणजे ती पट्टी पीसीआरमधल्या (प्रक्षेपण नियंत्रण कक्षातल्या) घाईवर अवलंबून राहत नाही. मृतदेह धूसर करताना मास्क (चित्रावर टाकलेला धूसर ठिपका) एकेक फ्रेम तपासावा, कॅमेरा हलला की तो सरकतो आणि नेमका चेहरा उघडा पडतो. आणि हे धूसर करणाऱ्या मुलाने ते मूळ स्वरूपात पाहिलेले असते हे विसरू नये. आवाज बंद ठेवून, खिडकी लहान करून काम करू द्यावे, एकाच माणसावर सलग शिफ्ट लादू नये. आवाज चित्रापेक्षा जास्त दिवस डोक्यात राहतो.

प्रेक्षकांच्या हातातही थोडे आहे. युक्रेन युद्धाच्या अतिरंजित वार्तांकनावरून माहिती व प्रसारण मंत्रालयाने २३ एप्रिल २०२२ रोजी वाहिन्यांना कान टोचणारी सूचना काढली होती. पण सूचनेने काम होत नाही, तक्रारीने थोडेफार होते. २०२१ च्या केबल टेलिव्हिजन सुधारित नियमांप्रमाणे तक्रार आधी वाहिनीकडे करायची. २४ तासांत पोच आणि १५ दिवसांत निर्णय मिळायला हवा. समाधान झाले नाही तर पुढच्या १५ दिवसांत ती वाहिनी ज्या स्वनियमन संस्थेची सदस्य असेल तिच्याकडे अपील. तिथे ६० दिवसांची मुदत आहे. तक्रारीत वाहिनी, तारीख, मिनिटापर्यंत अचूक वेळ, पट्टीवरचे शब्द जसेच्या तसे आणि पडद्याचा फोटो द्यावा. 'तुमची बातमी भडक होती' या तक्रारीला उत्तर मिळत नाही, 'रात्री ९.१४ ला दाखवलेले दृश्य अमुक महिन्यातले आहे' याला द्यावेच लागते. वाहिन्यांना प्रक्षेपणाची नोंद ९० दिवसच जपावी लागते, म्हणून उशीर करू नये.

शेवटी आपल्या वृत्तपत्राकडेही एक मागणे. युद्धाच्या छायाचित्राखाली अनेकदा नुसते 'एपी' किंवा 'रॉयटर्स' छापले जाते, तर कधी 'संग्रहित'. छायाचित्रकाराचे नाव, चित्रातल्या माणसाचे नाव दिलेले असेल तर ते, आणि चित्र टिपल्याची तारीख मूळ ओळीत आलेलीच असते. ती ओळ आपण पूर्ण छापावी.

आपले,
वृत्तवाहिन्यांच्या डेस्कवर आणि व्हिडिओ संपादनात काम केलेले काही वाचक
पुणे-मुंबई